दादासाहेब फाळके यांची कात्री

स्मरणिकेसाठी लेख मागताना आपल्या सोसायटीच्या चिटणीसांनी मला एकच अट घातली. बँकेबद्दल लिहायचं नाही. गेल्या स्मरणिकेत कर्जवसुलीवर लिहिलेला माझा लेख बहुधा कुणी शेवटपर्यंत वाचला नसावा. म्हणून यंदा सिनेमावर लिहितो आहे. तरी चौतीस वर्षं जे केलं ते मध्ये कुठेतरी डोकावणारच, तेवढं सभासदांनी चालवून घ्यावं.

दादासाहेब फाळके हे नाव माहीत नाही असं घर आपल्या नायगावात नसेल. दरवर्षी त्यांच्या नावाचा पुरस्कार कुणाला तरी मिळतो, टीव्हीवर बातमी येते, आपण टाळ्या वाजवतो. पहिला भारतीय चित्रपट त्यांनी काढला हे शाळेतल्या पोरांनाही पाठ असतं. पण चित्रपट काढला म्हणजे नेमकं काय केलं? कॅमेरा फिरवला, नट उभे केले, एवढंच आपल्या डोळ्यांपुढे येतं. त्यानंतर अंधाऱ्या खोलीत बसून त्या फिल्मचे तुकडे करायचे, नको ते टाकायचे, हवं ते एकाला एक जोडायचं, हे जे काम आहे, ज्याला आपण संकलन म्हणतो, ते कुणाच्या लक्षात येत नाही. हे काम फाळक्यांच्या घरात झालं. मला त्याबद्दल सांगायचं आहे.

संकलन म्हणजे काय हे आता समजावून सांगणं सोपं झालंय. आपल्याकडच्या कुठल्याही फोटो स्टुडिओत जा. लग्नाचं सहा-सात तासांचं शूटिंग घेऊन एखादा पोरगा संगणकापुढे बसलेला असतो. मामा जेवताना दिसतात ते काढून टाकतो, अक्षता पडल्या की लगेच नवरीचा चेहरा लावतो, सासरे रुसले होते ते गाळतो आणि दीड तासाचं लग्न तयार करून देतो. जे घडलं त्यातलं काय ठेवायचं आणि कशानंतर काय दाखवायचं, एवढाच हा धंदा. पण त्याच्यावरच सगळं उभं असतं. 'शोले'ला त्या वर्षी फिल्मफेअरचा एकच पुरस्कार मिळाला आणि तो गेला संकलक माधव शिंदे यांना. वामन भोसले हे दुसरे मोठे संकलक मूळ गोव्याचे. मराठी माणसाचा हात या कामात चांगला बसतो असं माझं मत आहे. अर्थात त्याला पुरावा काही नाही.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० चा, त्र्यंबकेश्वरचा. वडील संस्कृतचे शास्त्री. पोरगा मात्र चित्रं काढणारा निघाला. १८८५ साली मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये, पुढे बडोद्याच्या कलाभवनात. चित्रकला झाली, फोटोग्राफी झाली, साचेकाम झालं. गोध्र्याला फोटोचा स्टुडिओ टाकला, तर प्लेग आला आणि बायको व मूल दोघंही गेले. नंतर जादूचे प्रयोग शिकले आणि फाळके हे आडनाव उलटं करून प्रोफेसर केळफा या नावाने ते करूही लागले. पुरातत्त्व खात्यात नकाशे काढायची सरकारी नोकरी केली, ती सोडली. छापखाना काढला, रंगीत छपाई शिकायला जर्मनीला जाऊन आले, आणि भागीदारांशी पटेना म्हणून त्यातूनही बाहेर पडले. माझ्या टेबलावर असा अर्ज आला असता तर स्थिरता या रकान्यात मी काय लिहिलं असतं ते सांगायला नको. पण आज मागे वळून बघितलं तर चित्र, फोटो, छपाई, रसायनं, जादू, या प्रत्येकाची पुढे गरज पडली. त्यातलं एकही शिक्षण वाया गेलेलं दिसत नाही.

१९०२ साली त्यांचं दुसरं लग्न झालं. माहेरच्या करंदीकर. सासरचं नाव सरस्वती. हे नाव कृपया लक्षात ठेवा.

गिरगावात तंबूत दाखवतात तो येशू ख्रिस्ताच्या आयुष्यावरचा सिनेमा फाळक्यांनी १९१०-११ च्या सुमारास पाहिला, ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. पडद्यावर येशू दिसत होता आणि यांना राम-कृष्ण दिसू लागले. मग त्यांनी सरस्वतीबाईंनाही तो खेळ दाखवला. पुढचे काही महिने हाच नाद. मिळतील तेवढे सिनेमे बघायचे, रात्र रात्र जागून वाचायचं. इतकं की डोळे गेले. काही काळ अक्षरशः दिसेना. औषधोपचार आणि चष्मे यांनी दृष्टी परत आली, तर हे पुन्हा सुरू.

आता पैसा. बारा हजारांच्या विमा पॉलिसी एका मित्राकडे गहाण ठेवून फाळक्यांनी दहा हजार रुपये उचलले. बँकेतल्या मंडळींना यातली गंमत कळेल. आम्ही पॉलिसीवर कर्ज देताना तिची त्या दिवशीची सरेंडर व्हॅल्यू बघायचो, दर्शनी रकमेवर कधीच दिलं नाही. तो मित्र पॉलिसीवर नव्हे, माणसावर कर्ज देत होता. फाळके फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले. ओळख ना पाळख. बायोस्कोप नावाच्या साप्ताहिकाच्या कचेरीत जाऊन संपादकांना भेटले. त्या गृहस्थांनी आधी, हिंदुस्थानात हे चालणार नाही, म्हणून परावृत्त करायचा प्रयत्न केला आणि मग सेसिल हेपवर्थ या निर्मात्याच्या स्टुडिओत नेलं. तिथे काही दिवस सगळं डोळ्यांखालून घालून, पन्नास पौंडांचा विल्यमसन कॅमेरा घेऊन, कोडॅकची कच्ची फिल्म आणि फिल्मला भोकं पाडायचं यंत्र मागवून एप्रिलच्या पहिल्या तारखेला हे परत हजर.

यंत्रं आली, पण चित्रपट काढायला पैसा कोण देणार? इथे फाळक्यांनी जे केलं ते मला त्यांच्या सगळ्या चित्रपटांपेक्षा जास्त आवडतं. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला. समोर कॅमेरा लावून ठेवला आणि महिनाभराहून अधिक काळ रोज त्याचं थोडं थोडं चित्र घेतलं. ते सगळं एकापाठोपाठ दाखवलं तेव्हा पडद्यावर मिनिटभरात अंकुर फुटला, वर आला, वेल चढला. महिना गेला कुठे? तो दोन चित्रांच्या मधल्या जागेत गेला. संकलनाचं मर्म हेच आहे आणि फाळक्यांना ते कात्री हातात घ्यायच्या आधीच सापडलं होतं. ही फिल्म त्यांनी पैसेवाल्या ओळखीच्यांना दाखवली आणि त्यांतल्या काहींनी कर्ज देऊ केलं. वाटाण्याच्या वेलावर कर्ज! आमच्या तारण रजिस्टरमध्ये असली नोंद मी कधी पाहिली नाही. त्याशिवाय सरस्वतीबाईंचे दागिने होतेच.

'राजा हरिश्चंद्र' दादरला तयार झाला. ज्या रस्त्यावर हे घर होतं त्यालाच आज दादासाहेब फाळके मार्ग म्हणतात. बायका कामाला मिळेनात म्हणून तारामतीच्या भूमिकेला ग्रँट रोडच्या एका खाणावळीतले स्वयंपाकी साळुंके यांना घेतलं, मुलगा भालचंद्र रोहिदास झाला, हे किस्से 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' या चित्रपटात आपण सगळ्यांनी पाहिलेत. मी तिथे थांबत नाही. मी रात्रीच्या पाळीकडे येतो.

कच्ची फिल्म तेव्हा भोकं न पाडलेली येई. भोकं नसतील तर कॅमेऱ्याचे दाते तिला पुढे ओढू शकत नाहीत. ती भोकं पाडण्याचं काम अंधारात करायचं, कारण उजेड लागला की फिल्म गेली. हे काम सरस्वतीबाईंनी शिकून घेतलं. मी जरा आकडेमोड करून पाहिली, जुनी सवय. पूर्ण झालेला चित्रपट सुमारे ३,७०० फूट होता. एका फुटात सोळा चित्रं, म्हणजे ५९,२०० चित्रं. प्रत्येक चित्राला दोन्ही कडांना चार-चार भोकं. झाली ४,७३,६००. पावणेपाच लाख भोकं, आणि चाचणीत, चुकण्यात जी फिल्म गेली ती यात धरलेलीच नाही. दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक, त्यांचे कपडे, चित्रीकरणाच्या वेळी ऊन परावर्तित करायला पांढऱ्या चादरी धरून उभं राहणं, आणि पोरंबाळं झोपली की हे. फाळक्यांनी त्यांना तारामतीचं काम करा म्हणून विचारलं होतं. त्यांनी नाही म्हटलं. बाकीचं सगळं मी करते, त्यात हे कुठे बसवू, असा त्यांचा साधा हिशेब होता.

फिल्म धुण्याची रसायनं कशी कालवायची, ती धुवायची कशी, छापायची कशी, तुकडे जोडायचे कसे, हे सगळं त्या नवऱ्याकडून शिकल्या. आपल्या देशातल्या पहिल्या चित्रपट तंत्रज्ञ स्त्री म्हणून आणि पहिल्या संकलक म्हणून त्यांचं नाव आता अभ्यासक घेतात. कोणता तुकडा ठेवायचा हे फाळके ठरवत असतील, पण कात्री आणि जोड यात दोघांचे हात होते. आणखी एक लक्षात घ्या. त्या काळची फिल्म नायट्रेटची, ठिणगी पडली की भडकणारी. त्याच घरात साठ-सत्तर माणसांची चूल पेटलेली. कसल्या धोक्यात ही बाई राहत होती!

जोड म्हणजे काय ते मी लहानपणी डोळ्यांनी पाहिलंय. माळेगावच्या जत्रेत तंबूतल्या टॉकीजमध्ये फिल्म तुटली. अंधार, शिट्ट्या, पुढे जमिनीवर बसलेल्यांचा आरडाओरडा. मी मागे यंत्राजवळ बसलो होतो. ऑपरेटरने काही घाई केली नाही. तुटलेलं टोक कात्रीने सरळ कापलं, ब्लेडने त्या टोकावरचा चित्राचा थर हळूच खरवडला, त्यावर बाटलीतल्या फिल्म सिमेंटचा थेंब लावला, दुसरं टोक भोकाला भोक जुळवून ठेवलं आणि अंगठ्याने दाबून धरलं. मिनिटभरात पडदा पुन्हा उजळला. फक्त नायक दारात होता तो एकदम खाटेवर बसलेला दिसला. मधली पावलं तुटक्या तुकड्यात गेली होती. लोक मात्र हूं की चूं न करता पुढची गोष्ट बघायला लागले. संकलकाला नेमकी हीच गोष्ट माहीत असते. बघणारा मधली पावलं स्वतःच चालून घेतो.

फाळक्यांपुढे प्रश्न वेगळाच होता. हे आपल्या प्रेक्षकाला जमतं की नाही हे त्यांना कुणीच सांगितलेलं नव्हतं. आपल्याकडे तोवर गोष्ट म्हणजे कीर्तन नाहीतर नाटक. त्यात माणूस या टोकाकडून त्या टोकाकडे समोर चालत जातो. म्हणून 'हरिश्चंद्र'मध्ये कात्री जपून चाललेली दिसते. प्रसंग लांब लांब ठेवलेत, मध्ये इंग्रजी-हिंदी मजकुराच्या पाट्या. पण जिथे चमत्कार आहे तिथे जादूगार केळफा जागा होतो. कॅमेरा थांबवायचा, माणसाला बाजूला करायचं, पुन्हा चालू करायचा आणि जोड बेमालूम करायचा. देव प्रकट! सहा महिने सत्तावीस दिवसांत चित्रपट पुरा झाला. २१ एप्रिल १९१३ ला निमंत्रितांसाठी ऑलिंपिया थिएटरात आणि ३ मे रोजी कॉरोनेशनमध्ये सर्वांसाठी खेळ झाला. चालला, आणि चांगलाच चालला.

त्याच वर्षी फाळके बिऱ्हाड घेऊन नाशिकला गेले. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, पडद्यावर आल्या आणि स्त्रीभूमिकेला स्त्री मिळाली. १९१४ मध्ये चित्रपट घेऊन फाळके पुन्हा लंडनला गेले. तिथे कौतुक झालं, तिथेच राहून चित्रपट काढा असंही सुचवलं गेलं, पण हे परत आले. इकडे महायुद्ध पेटलं, सावकारांनी हात आखडते घेतले आणि कारखाना बंद पडायची वेळ आली. ते दिवस कसेबसे काढले.

१९१७ चा 'लंका दहन' हा कात्रीच्या दृष्टीने माझा आवडता. साळुंके यात राम आहेत आणि सीताही तेच! एकाच माणसाने नवरा आणि बायको दोन्ही व्हायचं, आणि लोकांनी पडद्यावरच्या सीतेला हात जोडायचे. हे जमतं कशामुळे? कथाच अशी निवडली की ताटातूट झालेली. राम इकडे, सीता अशोकवनात. एकदा याचा तुकडा, एकदा तिचा. त्याच माणसाच्या दोन तुकड्यांमधून लोकांना विरह दिसला. देशभर हा चित्रपट तुफान चालला. मद्रासला जमा झालेली नाणी बैलगाडीत घालून न्यावी लागली असं सांगतात.

१९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये फाळक्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली आहे. हा बराचसा शाबूत राहिलेला चित्रपट आहे, म्हणून बघून बोलता येतं. सुरुवातीला ही चिमुरडी आपल्यापुढे नुसते चेहऱ्यावरचे भाव दाखवते, हसते, रागावते, आणि मग बघता बघता तिच्या जागी वेषातला कृष्ण येतो. पुढे डोहातली लढाई. इकडे पाण्याखाली कृष्ण आणि नाग, तिकडे काठावर यशोदा, नंद आणि गोकुळातली माणसं कासावीस झालेली. एकदा पाणी, एकदा काठ, पुन्हा पाणी, पुन्हा काठ. काठावरच्या लोकांना आत काय चाललंय ते दिसत नाही, आपल्याला दिसतं, तरी आपणच जास्त घाबरतो. सहाच वर्षांपूर्वी 'हरिश्चंद्र'मध्ये प्रसंग तोडायला बिचकणारा हाच माणूस. आता त्याला प्रेक्षकाचा भरवसा आला होता.

चित्रपट कसे तयार होतात हे लोकांना कळावं म्हणून त्यांनी १९१७ मध्ये एक छोटी फिल्मही केली. तिच्यात स्वतः फाळके दिग्दर्शन करताना, फिल्म धुताना आणि जोडताना दिसतात. चष्मा लावून फिल्मची पट्टी डोळ्यांपुढे धरलेले फाळके या फिल्ममुळेच आपल्याला माहीत आहेत. सरस्वतीबाईंवरही तेव्हा कॅमेरा फिरायला हवा होता असं मला राहून राहून वाटतं.

१९१८ मध्ये मुंबईच्या पैसेवाल्यांनी भांडवल घातलं आणि हिंदुस्तान सिनेमा फिल्म कंपनी निघाली. भागीदारीचं पुन्हा तेच झालं. खर्च किती, दिवस किती, हे विचारणारे भागीदार आणि मनासारखं होईपर्यंत फिल्म टाकून देणारा कारागीर. मी आयुष्यभर विचारणाऱ्यांच्या बाजूला बसलो, त्यामुळे भागीदार अगदीच चुकत होते असं मला म्हणवत नाही. पण वर्ष-दीड वर्षात फाळके राजीनामा देऊन काशीला निघून गेले, तिथे 'रंगभूमी' हे नाटक लिहिलं, आणि त्यांच्यावाचून कंपनीचं भागेना. शेवटी काही वर्षांनी ते परत आले. मधलं मोठं काम गेलं ते गेलंच.

मग आवाज आला. १९३१ मध्ये 'आलम आरा' बोलला आणि फाळक्यांचा 'सेतुबंधन' मुकाच तयार झाला होता. त्याच्यावर नंतर आवाज चढवावा लागला. नुसतं वय झालं म्हणून ते मागे पडले असं म्हणतात, पण कात्रीचाही भाग आहे. मुक्या फिल्ममध्ये कुठेही कापा, मध्ये पाटी घाला, गोष्ट पुढे जाते. बोलपटात वाक्य अर्ध्यावर तोडता येत नाही. ओठ आणि आवाज जुळावे लागतात, म्हणजे आता तुकडा कुठे संपायचा ते नट ठरवणार. घरच्या टेबलावर दोघांनी बसून करायचं काम राहिलं नाही. कोल्हापूरला १९३७ मध्ये केलेला 'गंगावतरण' हा त्यांचा एकमेव मूळचा बोलपट आणि शेवटचा चित्रपट. लहानमोठे धरून शंभरावर चित्रपट करून हा माणूस रिकाम्या हाताने नाशिकला बसला.

१९३९ मध्ये भारतीय चित्रपटसृष्टीचा रौप्य महोत्सव मुंबईत साजरा झाला. जसा आज आपण आपल्या पंचवीस वर्षांचा करतो आहोत तसाच, फक्त थाट मोठा. फाळके तिथे गेले होते. ज्याच्यामुळे हा सोहळा होता त्याला राहायला स्वतःचं धड घर नव्हतं. व्ही. शांताराम यांनी पुढाकार घेतला, पैसे जमले आणि त्यातून नाशिकला एक लहानसं घर उभं राहिलं. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकमध्येच त्यांचं निधन झालं. त्यांच्या नावाचा पुरस्कार १९६९ पासून सुरू झाला.

'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं अशी दोनच आज शिल्लक आहेत, सुमारे १,४७५ फूट. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने ती जपली. काही अभ्यासकांच्या मते तीसुद्धा १९१३ ची नसून १९१७ मध्ये फाळक्यांनी तोच चित्रपट पुन्हा केला त्याची आहेत. राजा राज्य सोडून निघतो, बायको-मुलाला विकतो, डोंबाच्या घरी राबतो, तो मधला सगळा भाग आपल्याकडे उरलेला नाही. मोबाइलवर सापडतो, 'कालिया मर्दन'ही सापडतो. नातवंडांना घेऊन बसा, आवाज नाही म्हणून ती दोन मिनिटं कुरकुरतील. पाण्याखालचा नाग आला की गप्प होतात, हे मी आमच्या घरी करून पाहिलंय.